सेव्हिलमधली पंगत

माणसांना इतक्या प्रेमाने जेवू घालणारी आणि त्याच वेळी इतका वेळ उपाशी ठेवणारी असामी माझ्या साडूंखेरीज थेम्सच्या दोन्ही काठांवर दुसरी सापडायची नाही. त्यांचा एकच नियम आहे: सगळ्यांची ताटं पूर्ण वाढून झाल्याशिवाय कुणी घास उचलायचा नाही. घरात हे ठीक आहे. पण साडू जिथे जातात तिथे हा नियम सोबत घेऊन जातात. रीडिंगला हॉल भाड्याने घेऊन आम्ही चौदा एप्रिलची जयंती करतो, तेव्हा शेवटच्या माणसाच्या ताटात पापड पडेपर्यंत शंभरेक माणसं हात मांडीवर ठेवून गार होणाऱ्या वरणाकडे बघत बसतात. त्यांच्या ऑफिसच्या ख्रिसमसच्या जेवणात त्यांच्या टेबलावरचे इंग्रजसुद्धा आता काटे खाली ठेवून थांबायला शिकले आहेत. विमानात ते सातव्या रांगेत आणि मी सव्विसाव्या रांगेत असलो, तर ते उभे राहून मागे बघतात. माझ्यापुढे ट्रे आला की मी हात वर करतो, मग ते आपल्या ट्रेवरचा कागद सोलतात. कुणी कुरकुर केली तर म्हणतात, "काहून बे, जेवण पळून चाललं का?"

साडू म्हणजे माझ्या बायकोच्या मोठ्या बहिणीचे यजमान, मूळचे नागपूरचे. मी त्यांना दादा म्हणतो, कारण त्यांना दुसरं काही म्हणता येईल असा माणूसच तो नाही. मी या देशात आलो तेव्हा ते हीथ्रोवर माझ्या मापाचा कोट हातावर घेऊन उभे होते. पहिले पाच महिने मी आणि बायको त्यांच्या घरातल्या सगळ्यात लहान खोलीत राहिलो. माझं बँकेचं खातं त्यांनी उघडून दिलं, जीपीकडे, म्हणजे इथल्या सरकारी डॉक्टरकडे, नाव त्यांनी घातलं, आमचं भाड्याचं घर त्यांनी शोधलं आणि माझा न्हावीसुद्धा त्यांनीच ठरवला. कुठल्या मंगळवारी कुठला कचऱ्याचा डबा बाहेर ठेवायचा याचा तक्ता त्यांनी आमच्या फ्रिजवर चिकटवला, आणि तरी दर सोमवारी संध्याकाळी त्यांचा फोन यायचा. ते फक्त "निळा" म्हणायचे आणि ठेवून द्यायचे.

त्या जेवणाच्या नियमाचं कारण त्यांनी मला एकदाच सांगितलं, मोटरवेवर गाडी तासभर अडकली होती तेव्हा. कॉलेजात असताना ते बोर्डिंगमध्ये राहायचे आणि संध्याकाळी एका सायकलच्या दुकानात काम करायचे. परत येईपर्यंत मेसमधलं भांडं खरवडून झालेलं असायचं. एवढंच. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिला, त्यांच्या घरात ते पहिले; त्यामुळे पुढचं त्यांनी सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही.

आता मूळ गोष्टीकडे येतो. साडूंचं घर सेमी-डिटॅच्ड आहे, एका छपराखाली दोन घरं असतात तसलं. दुसऱ्या अर्ध्या भागात राहणाऱ्या म्हाताऱ्या बाई मुलीकडे राहायला जाणार होत्या. घर विकायचं त्यांनी ठरवलं आणि बाहेर जाहिरात देण्याआधी साडूंना विचारलं. साडूंनी मला विचारलं असं म्हणता येणार नाही, त्यांनी मला कळवलं. दोन बहिणी शेजारी-शेजारी, दोन साडू शेजारी-शेजारी, एकच मोठी बाग. बाईंना फेब्रुवारीतल्या शाळेच्या सुट्टीनंतरच्या सोमवारी पक्का होकार द्यायचा होता.

आणि साडूंनी हे कळवलं त्याच्या दहा दिवस आधीच मी एडिनबराच्या एका विद्यापीठातल्या नोकरीच्या पत्रावर सही करून बसलो होतो.

खरं सांगतो, मी थकलो होतो. कामाचा थकवा मला ठाऊक आहे, तो झोपलं की जातो. पण कुणीतरी सतत आपल्यासाठी काहीतरी करत असलं की एक वेगळाच थकवा येतो, आणि त्याची तक्रार करायला गेलं तर आपणच कृतघ्न ठरतो. त्या नोकरीचा अर्ज मी स्वतः भरला होता, मुलाखतीला कुठला शर्ट घालायचा हेही कुणाला विचारलं नव्हतं. सहा वर्षांत या देशात मी एकट्याने केलेलं ते पहिलं काम. अभिमान वाटत होता आणि भीतीही. बायको म्हणाली, तू सांग, तुझे साडू आहेत. मी म्हणालो, तुझे जिजाजी आहेत. शेवटी असं ठरलं की फेब्रुवारीच्या त्या सुट्टीत, हाफ टर्मला, दोन्ही घरं मिळून स्पेनला सेव्हिलला जाणारच आहोत, तिथे ते खुशीत असतील, तिथे सांगू.

साडू खुशीत होते, तेवढ्यापुरतं आमचं गणित बरोबर आलं. पण सांगायला फटच मिळेना. सकाळी आठला ते लॉबीत टोपी घालून उभे. सेव्हिलच्या रस्त्यांवर दोन्ही बाजूंना संत्र्यांची झाडं, फळांनी वाकलेली, आणि एकही माणूस हात लावत नाही, हे बघून नागपूरचा हा माणूस पहिल्या दिवशी अक्षरशः अस्वस्थ झाला. ती संत्री कडू असतात, खात नाहीत, हे त्यांच्या पंधरा वर्षांच्या मुलीने फोनवर वाचून सांगितलं. त्यांनी तरी एक तोडलं. पहिल्या फोडीला त्यांचा चेहरा जो झाला तो झाला, पण त्यांनी ते पूर्ण खाल्लं आणि म्हणाले, "रसाळ आहे." संत्र्याची मानहानी त्यांच्याच्याने बघवली नसावी. स्पॅनिश येत नाही म्हणून त्यांचं काही अडलं नाही. हळू आणि स्पष्ट बोललं तर मराठी कुणालाही समजते असं त्यांचं मत आहे, आणि त्या मताप्रमाणे ते तिकीट खिडकीवरच्या माणसाशी, बग्गीवाल्याशी आणि एका पाद्र्याशी बोलले. मी तीन दिवस त्यांच्या मागे चाललो. दर वेळी तोंड उघडलं की ते म्हणायचे, थांब, आधी हा मनोरा बघून घेऊ.

शेवटची संध्याकाळ उरली. साडूंनी साडेपाचला टापासचं जेवण आणि सातला फ्लामेन्को, म्हणजे तिथला नाचगाण्याचा कार्यक्रम, ठरवला होता. साडेपाचला तिथे फक्त आम्ही पाच जण होतो. त्या गावात ती जेवायची वेळच नव्हे. टापास म्हणजे बशी-बशीभर पदार्थ, जसे होतील तसे येतात, आले की सगळ्यांनी मिळून खायचे. साडूंनी सहा बश्या मागवल्या. मला आणि माझ्या बायकोला लाल वाईन, ताईंना, म्हणजे माझ्या मेहुणीलाही, सुट्टीपुरता अर्धा ग्लास. ते स्वतः पंचशील पाळणारे, त्यांना द्राक्षाचा रस, मुलीलाही तोच. टेबल केवढं, तर पिंपावर ठेवलेली एक गोल फळी. त्यावर बटाटे आले, ऑलिव्ह आले, लसणातली कोळंबी आली, आणि पालक-हरभऱ्याची भाजी आली, जी बघून ताईंना घरी आल्यासारखं वाटलं. फळी भरली. मी काटा उचलला.

"थांब ना. अजून दोन यायचे आहेत," साडू म्हणाले.

आम्ही थांबलो. वेटर आला, भरलेल्या बश्या बघून गेला. जागा झाल्याशिवाय तो पुढचं आणणार नव्हता आणि पुढचं आल्याशिवाय आम्ही जागा करणार नव्हतो. पाच मिनिटांनी तो परत डोकावला. साडूंनी त्याला हळू आणि स्पष्ट मराठीत सांगितलं की येऊ द्या सावकाश, आम्हाला घाई नाही. तो आत गेला आणि स्वयंपाक्याला घेऊन आला. स्वयंपाक्याने कोळंबीकडे पाहिलं, आमच्याकडे पाहिलं, त्याचा चेहरा पडला. आम्हाला ती आवडली नाही असं समजून तो बशी उचलून घेऊन गेला आणि थोड्या वेळाने नवीन, चुरचुरणारी कोळंबी घेऊन आला. ती पुन्हा त्याच जागी बसली. आता सहा वाजून गेले होते. साडूंची मुलगी तिच्या इथल्या मराठीत म्हणाली, "बाबा, तो माणूस आपल्यासाठी वेट करते. आपण खाल्लं नाही तर तो देणार नाही." साडू म्हणाले, त्याला काय घाई आहे, रिकामंच तर आहे हॉटेल.

मी त्या बटाट्यांकडे बघत होतो. तीन दिवसांचे पाय दुखत होते, वाईनला हात लावायचा नव्हता, सांगायचं होतं ते अजून सांगितलं नव्हतं. मला पुढचं नीट आठवत नाही. एवढं आठवतं की मी काट्याने एक बटाटा उचलला आणि खाल्ला. मग दुसरा खाल्ला. ताईंनी साडूंकडे पाहिलं. तोंडात तिसरा असतानाच मी म्हणालो, "दादा, आम्ही एडिनबराला चाललोय. एप्रिलपासून. नोकरी घेतली मी तिकडे."

साडूंनी आधी माझ्या काट्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे. "मग त्या बाईंना..."

"नाही म्हणून सांगा."

"बरं," ते म्हणाले. सहा वर्षांत त्यांच्याकडून मी ऐकलेलं हे सगळ्यात छोटं उत्तर, कचऱ्याच्या डब्याचा फोन सोडला तर.

बटाट्याची बशी अर्धी झालेली पाहून वेटरला इतका आनंद झाला की त्याने उरलेलं सगळं एकदम आणलं. मधातली वांगी आली, ऑम्लेट आलं, पाव आला. साडूंनी चमचा घेऊन प्रत्येकाच्या बशीत वाढलं, माझ्याही. सगळं झाल्यावर म्हणाले, "आता करा सुरू." आणि कुणालाच भूक नव्हती.

फ्लामेन्को एका जुन्या घराच्या चौकात होता. साठेक खुर्च्या, मध्ये लाकडी चौथरा, एक गिटारवाला, एक गाणारा आणि एक नाचणारी बाई. बाई पन्नाशीच्या, अंगाने भरलेल्या, आणि पहिल्यांदा टाच आपटली तेव्हा माझ्या खुर्चीचे पाय थरथरले. गाणाऱ्याने सूर लावला तो गाणं म्हणावं की हाक म्हणावी असा. साडू तरुणपणी वस्तीतल्या गायन पार्टीत कोरसला होते, त्यांचा कान तयार आहे. एरवी ते कुठल्याही कार्यक्रमात शेजारच्याला सगळं समजावून सांगतात. त्या दिवशी एकदाच माझ्या कानाशी म्हणाले, "हा रडत नाही बे. भांडून राहिला कोणाशी तरी."

थोड्या वेळाने त्यांचे हात आपोआप टाळ्या धरायला लागले. ताल त्यांना बरोबर सापडला होता, हे मी शपथेवर सांगतो. पण तिथे प्रेक्षकांनी टाळ्या धरायच्या नसतात, नाचणारीचा ताल मोडतो. दारावरचा पोरगेला माणूस वाकून आला आणि त्याने अदबीने त्यांचे हात थांबवले. साडूंनी हात मांडीवर ठेवले आणि शाळेतल्या मुलासारखे शेवटपर्यंत तसेच बसून राहिले. मी चौथऱ्याकडे बघायचं सोडून त्या हातांकडेच बघत होतो.

बाहेर पडलो तेव्हा आठ वाजले होते, रस्त्यावर गाव आत्ता कुठे जागं होत होतं. बहिणी आणि मुलगी पुढे गेल्या. साडू माझ्याबरोबर चालत राहिले. एडिनबराला थंडी फार असते ना, असं त्यांनी विचारलं. मी हो म्हणालो. घर बघितलं का, नाही म्हणालो. मग बरंच चालून झाल्यावर त्यांनी विचारलं, "मी जास्त करतो का रे?"

मी नाही म्हणालो नाही. हो म्हणायची हिंमत नव्हती. म्हणालो, "दादा, पाय दुखताहेत."

"मग बस की," ते म्हणाले, आणि आम्ही एका कारंज्याच्या कठड्यावर बसलो. बहिणी वळणापलीकडे दिसेनाशा झाल्या तरी ते मला उठ म्हणाले नाहीत.

परत आल्यावर सोमवारी त्यांनी बाईंना नकार कळवला. एप्रिलमध्ये आम्ही इकडे एडिनबराला आलो. घर मी शोधलं, बँक, जीपी, न्हावी, सगळं मी केलं, आणि काही कामं चुकली ती पण मीच चुकवली. त्यांनी एकाही गोष्टीत सल्ला दिला नाही. तो मी मागितला नव्हता, आणि न दिलेला मला टोचत राहिला.

मे महिन्यात ते एकटेच दोन दिवसांसाठी आले. आमचा फ्लॅट तिसऱ्या मजल्यावर आहे, एका जिन्यावर समोरासमोर दोन दारं. त्यांनी खिडक्या बघितल्या, हीटर बघितला, छान आहे म्हणाले. निघायच्या दिवशी दुपारी बूट घालताना विचारलं, समोर कोण राहतं? मी म्हणालो, माहीत नाही. त्यांनी माझ्याकडे बघितलं. बाहेर आले आणि समोरची बेल दाबली. पांढऱ्या मिशीचे एक स्कॉटिश गृहस्थ दारात आले. साडूंनी त्यांचा हात हातात घेतला आणि मला पुढे ओढून इंग्रजीत सांगितलं की हा माझा लहान भाऊ आहे, चांगला आहे, पण लवकर थकतो, कधीमधी याच्याकडे बघत जा. लाजेने मला जिन्यावरून खाली उडी मारावीशी वाटली. ते गृहस्थ मान हलवत राहिले. मग साडूंनी बॅग खांद्याला लावली आणि स्टेशनवर यायचं नाही असं मला बजावून ते एकटेच गेले.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी कामावरून येताना ते गृहस्थ जिन्यात भेटले. त्यांनी विचारलं, तुमचे भाऊ नीट पोचले का?

मी अजून फोन केला नव्हता. विचारून सांगतो म्हणालो, आणि तिथेच, बॅग पायरीवर ठेवून, नंबर लावला.