पांढऱ्या दोरीचा डबा

अंडाकरीचा डबा कीर्तिकाकांच्या दारात ठेवून आलो तो मीच. कांदा-लसूणही न खाणाऱ्या काकांच्या डब्याला पांढरी दोरी असते. ती ओट्यावर सुटून पडलेली दिसली आणि मी मोठ्या आपुलकीने जवळच्या डब्याला बांधली. शिफ्टवरून आलेल्या केरळी बिजूने आपला डबा उघडला, मुगाची डाळ पाहिली आणि अतिशय नम्रपणे विचारलं, "भैया, आज मेरा उपवास है क्या?"

शालिनीताईंचा चेहरा उतरला. पाय मुरगळला म्हणून आजचे डबे त्यांनी माझ्यावर सोपवले होते.

आमची गल्ली गुजरातेतली, गोरव्याच्या कारखान्यांकडची. वरच्या टोकाला ओडिया, खालच्या टोकाला बिहारी, समोर सिंधी, आणि भाडं घेणारे गुजराती. नवऱ्याची कंपनी बंद पडल्यावर जळगावच्या शालिनीताईंनी डबे सुरू केले, तेव्हा अंड्याचं नाव काढताच सगळ्या घरमालकांनी हात जोडले. फक्त कीर्तिकाकांनी तळमजला दिला. अट एकच होती: अंडी मागच्या ओट्यावर, वेगळ्या शेगडीवर. तो विश्वास गेला तर स्वयंपाकघर गेलं.

काका जैन. सूर्य मावळला की पाण्याचा थेंबही नाही, त्यामुळे ते उजेडातच जेवतात. आणि उजेड भराभर चालला होता.

ताई लंगडत वर काकांकडे जिना चढू लागल्या. मी मागून सुचवत होतो, डाळ नासली म्हणून सांगा, डबा बदलून घ्या, कशाला उगाच. त्यांनी मागे वळूनही पाहिलं नाही.

काका पाटावर बसले होते. दोरी सुटली होती. हात झाकणावर.

"काका, ना खोलता," ताई दारातूनच म्हणाल्या. "एमां ईंडां छे. भूल अमारी छे."

काकांनी हात मागे घेतला. डब्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे, मग खिडकीकडे. बाहेर दिवे लागले होते. आता दुसरा डबा आणूनही उपयोग नव्हता. ते उठले आणि मोरीत जाऊन बराच वेळ हात धूत राहिले. ताई भिंतीला धरून उभ्या होत्या. मला घरमालकांच्या जोडलेल्या हातांची रांगच दिसू लागली.

काका हात पुसत बाहेर आले.

"काले सवारे मोकलजो, बेन," ते म्हणाले, उद्या सकाळी डबा पाठवा म्हणून. "पण तमारा हाथे."

जिना उतरताना मला हायसं वाटलं. म्हटलं, ताई, काका भला माणूस. उद्या मी प्रत्येक डबा उघडून बघून मगच पोचवीन.

"तुम्ही उद्या येऊच नका."