हक्कसोडीवर माझीही सही आहे

गेल्या मंगळवारी दुपारी निरगुडसरला बायकांची बैठक होती. कांद्याच्या लागणीवरून पंधरा-वीसजणी तशाच चिखलाच्या पायांनी आल्या होत्या... आणि मी, तीन दिवसांपूर्वी टोरांटोहून उतरलेली, पेंगुळल्या डोळ्यांनी तेच भाषण देत होते. दर हिवाळ्यात येऊन देते तेच.

भावांनी हक्कसोड पुढे केली तर सही करू नका, बापाच्या जमिनीत तुमचाही हिस्सा आहे... एवढंच सांगायचं असतं. या विषयावर मी अख्खं पुस्तक लिहिलंय. तरी पुढच्या वर्षी येते, तर चार-पाचजणी सही करून, भावाने दिलेली साडी नेसून समोर बसलेल्या. खरं सांगते, थकलेय मी.

विमल मागे बसली होती. नवरा गेलाय, मजुरीला जाते. गुरुवारी भाऊ तिला सहीसाठी रजिस्टर ऑफिसला नेणार होता. सही नाही तर माहेर बंद, असं वहिनीने आधीच कळवलं होतं.

ती एकदम म्हणाली, "ताई, तुमी केली का सही? तुमच्या वडलांची खोडदला जमीन व्हती ना?"

हे आजवर कुणी विचारलं नव्हतं. पुस्तकातही मी ते सोयीस्करपणे गाळलंय...

"केली," म्हटलं. आई गेली त्या वर्षी भावाने हक्कसोड हवी म्हणून कळवलं, आणि मी तिकडच्या कॉन्सुलेटमध्ये जाऊन माझ्या वतीने ती करायचं मुखत्यारपत्र सही करून त्याला दिलं. मला नोकरी होती, घर होतं. वर्षातून एकदा जायला माहेर राहावं, एवढाच लोभ.

वाटलं, इतक्या वर्षांचं काम पाण्यात गेलं.

"मग आता उतरता कुठं? भावाकडंच ना?" विमलने विचारलं.

"नाही गं... नारायणगावला, लॉजवर." पुतण्याचं लग्न झालं, माझी खोली त्याला गेली. मग वहिनीच म्हणाली, तुमची इथे गैरसोय होते.

"आगं बया! म्हंजी जमीनबी गेली आन् माहेरबी!"

सगळ्या पदर तोंडाला लावून हसल्या. मीही हसले, आणि हसता हसता रडूच फुटलं. कुणीतरी पाण्याचा तांब्या पुढे केला.

काल सकाळी विमलचा फोन आला. "ताई, नाय गेले मी. भाऊ गाडी घिऊन दारात आला व्हता. म्हनलं, सही करायची न्हाई मला." मग हळूच म्हणाली, "वहिनी लई बोलली वो. आता भाऊबीज नाय."

आणि लगेच पुढे म्हणाली, "लॉजवर कशाला ऱ्हाता? हिकडं या. एक खोली हाय, पन हाय."

आज बॅग भरतेय. तिचं माहेर तुटलं त्यात माझाही हात आहे, हे मनातून जात नाही. आणि तरीही तिने मला ये म्हटलं... इतक्या वर्षांत इथे मला असं कुणी म्हटलं नव्हतं.