रिकामी वरची फळी

मानकोलीहून भावाचा फोन आला तेव्हा मी शाळेत डबा खात होते. "आत्या गेली," एवढंच म्हणाला. ओट्याची एक पायरी उतरताना पडली, मांडीचं हाड मोडलं आणि तीन आठवड्यांत सगळं आटोपलं. हाडं कित्येक वर्षं पोकळ होत आली असणार, असं डॉक्टर म्हणाले होते. कित्येक वर्षं... आणि आम्ही दर रविवारी तिच्याकडे जेवून येत होतो.

आत्या जनावरांच्या दवाखान्यात मदतनीस होती. निवृत्तीनंतरही लोक मांजराची पिल्लं घेऊन तिच्या ओट्यावर यायचे. आमच्यात लाड म्हणजे मासळी. एकेक काटा काढून नुसतं मऊ मांस भरवायचं. काही वर्षांपूर्वी आईने आमच्या मांजराच्या पिल्लाला तेच केलं. चार महिन्यांचं पिल्लू खिडकीवर चढेना, उचललं की ओरडायचं, मागचे पाय वाकायला लागले. आई म्हणाली, आळशी झालंय. आत्याकडे नेलं, तेव्हा तिने पाटावर बोंबलाचा तुकडा ठेवला. पिल्लू खालूनच बघत राहिलं.

"आळशी न्हाय गो, दुखतंय त्याला," आत्या म्हणाली. "नुसत्या मांसात हाडांना लागनारा चुना नसतो. उडी मारायचं सोडलं, की तवाच बघायचं. पाय मोडल्यावर कोन पन बघंल."

तिने आम्हाला डॉक्टरकडे धाडलं. त्यांनी ठरवून दिलेलं खाणं सुरू झालं, महिनाभर पिल्लाला उड्या मारू दिल्या नाहीत, ते वाचलं. मग गावभर शहाणपण सांगत आम्हीच फिरलो.

पुढे आत्याचीच पाठ वाकून साडी जमिनीला घासायला लागली, ती भिंतीला धरून चालायला लागली, तेव्हा आम्ही म्हणालो, वय झालं. मागच्या वर्षी तिने मला फळीवरचा चहाचा डबा काढायला सांगितला. मी काढून दिला आणि म्हणाले, आत्या, तू आळशी झालीस हां. ती हसली. त्यानंतर तिने मला काही काढायला सांगितलं नाही. तेराव्याला नातेवाईक म्हणत होते, फार हाल न होता सुटली. मला तिथून उठून जावंसं वाटलं. त्यांचा राग आला, माझा त्याहून जास्त.

परवा तिचं स्वयंपाकघर आवरायला गेले. मीठ, तिखट, चहा, तांदूळ... सगळे डबे भिंतीलगत जमिनीवर ओळीने मांडलेले. वरची फळी रिकामी, तिच्यावर धुळीचा जाड थर. म्हणजे हे कालपरवाचं नव्हतं. त्याच डब्यांशेजारी पाट टाकून मी दर रविवारी जेवत होते.