भिंतीवरची पालखी

देवळाच्या ओट्यावर चार म्हातारे रोज बसले, की उंबऱ्याशी चपला साचाव्यात तसे किस्से साचतात. लोक ते सांगून हसतात. मला मात्र ते मान खाली घालूनच सांगावे लागतात, कारण भैरवनाथाच्या जीर्णोद्धार समितीचा अध्यक्ष मीच होतो. गाव मला बापू म्हणते.

*

सभामंडपाच्या भिंतीवर कोणा जुन्या चिताऱ्याने डोंगरावरच्या देवाला निघालेली आमची पालखी रंगवली होती. माणसे सारी गावातलीच. पाटलांच्या आजोबांच्या मिशा इतक्या हुबेहूब, की नातू पाहुण्यांना आधी भिंतीपाशी नेई, मग गाभाऱ्यात. "देव काय, समद्याच गावांत हाये. आजा हितंच हाये."

*

किराणा दुकानदार शांतिलालशेठ यांचे घराणे मारवाडातून आलेले. चित्रात त्यांचे पणजोबा दिव्याच्या तेलाचा बुधला घेऊन पालखीमागे चाललेले. कोणी थट्टेने 'बाहेरचे' म्हटले, की शेठ वजन करता करता म्हणत, "भाऊ, मी भिंतीवर हाये. तू कुठं हायेस ते दाखव."

*

ठकूबाई दर रविवारी देवाला एकदा वाके आणि भिंतीला दोनदा. चित्राच्या कडेला पेटती दिवटी धरलेला माणूस तिचा बाप. त्याचा फोटो जगात कुठेच नव्हता. मी एकदा तिला शहाणपण शिकवले, "बाई, नमस्कार देवाला करावा."

"बापू, देवाला उजेड कोण दावत व्हतं?"

*

पुढे भिंतीला ओल आली. मी आळेफाट्याहून टाइल्स आणवल्या. देवांची छापील चित्रे असलेल्या, ओल्या फडक्याने पुसता येतील अशा. बैठकीत शेठ म्हणाले, "बापू, ओल मागून येतीय. चित्राला का शिक्षा?"

मी उभा राहून संतवचने म्हटली, रंगारूपाचा मोह सोडण्याविषयी. टाइल्सचा ठराव मंजूर झाला. आयुष्यभर ज्यांचे अभंग गायिले, त्या संतांना त्या दिवशी मी वकील म्हणून उभे केले. दुसऱ्या दिवशी गवंड्याने गिलावा खरवडला.

*

टाइल्स लागल्यानंतरचा पहिला रविवार. नव्या भिंतीला पाठ टेकून मी लोकांचे कौतुक ऐकत होतो. ठकूबाई आली. देवाला वाकली. मग माझ्यासमोर येऊन उभी राहिली. मला वाटले, भांडेल. मी उत्तरही जुळवून ठेवले होते.

तिने हात जोडले. मग अगदी अदबीने म्हणाली,

"बापू, जरा बाजूला व्हता का? माझा बा झाकलाय."