मागणीची गाय

"गाय कुठे आहे? मला गाय दिसत नाही. इथे कोणाला गाय दिसतेय का?"

म्हातारा असा ओरडत होता की टेक्ससमधल्या अर्विंगच्या त्या कम्युनिटी हॉलमधले पंखे उलटे फिरायला लागले. मी त्याच्यासमोर उभा होतो. अंगात ऑफिसचा पांढरा शर्ट, त्यावर एका खांद्यावर गाठ मारलेलं रेशमी वस्त्र आणि हातात माझ्याहून उंच काठी. माझ्या पाठीशी नवऱ्या मुलाकडची मंडळी, म्हणजे माझे दोन मराठी रूममेट, आमच्या अपार्टमेंटमधल्या एक काकू आणि रवांडाचे चार-पाच विद्यार्थी. समोर मुलीकडचे, म्हणजे उरलेलं सगळं टेक्सस.

"गाय वाटेत आहे," मी म्हणालो.

"सकाळपासून वाटेत आहे." म्हातारा लोकांकडे वळला. "चालत येतेय का? याच्या गावाहून?"

हॉल हसला. म्हातारा म्हणजे मुलीचा मामा. आपल्याकडे मुलीचा मामा अंतरपाटाशी उभा राहून डोळे पुसतो. हा सिंहासनासारख्या प्लास्टिकच्या खुर्चीत बसून मला सोलत होता.

आता मी, कोल्हापूरचा माणूस, डेटाबेसची नोकरी करणारा, रवांडाच्या लग्नात मुलाकडून बोलणी करायला कसा उभा राहिलो ते सांगतो. खोटं एक अक्षर सांगणार नाही. मापं थोडी वाढली तर चालवून घ्या.

आमचा चौथा रूममेट नोकरी बदलून न्यू जर्सीला वेस्ट विंडसरला गेला, तेव्हा भाडं वाटून घ्यायला एक माणूस हवा होता. युनिव्हर्सिटीच्या नोटीस बोर्डवर चिठ्ठी लावली आणि हा आला. रवांडाचा, मास्टर्स करणारा, शांत. घेवड्याची उसळ करायचा आणि ती आम्हा तिघांपेक्षा चांगली करायचा, त्यामुळे पहिल्याच आठवड्यात त्याला आम्ही घरचा मानला.

त्याच्या देशाबद्दल आम्हाला दोनच शब्द ठाऊक होते, हुतू आणि तुत्सी. आणि चौऱ्याण्णव साली तिथे जी कत्तल झाली, ती पेपरात वाचली तेवढी. मग हा कोण? आम्ही विचारलं नाही. मराठी माणूस असलं थेट विचारत नाही. तो आडनाव विचारतो.

ते काम काकूंनी केलं. काकू नागपूरच्या. आडनावावरून तुमचं गाव, कुलदैवत आणि तुमच्या घरी वरणात गूळ पडतो की नाही, इथपर्यंत त्या एका दमात पोचायच्या. पुरणपोळी वाढता वाढता त्यांनी याला आडनाव विचारलं.

"आमच्याकडे आडनाव नसतं, आंटी," तो म्हणाला. "वडिलांचं नाव वेगळं, माझं वेगळं, भावाचं आणखी वेगळं."

"मग कळतं कसं?"

"काय कळतं?"

"हेच की, म्हणजे, कोण ते."

"नाही कळत," तो म्हणाला. "म्हणून तर कार्डं काढावी लागली."

आणि मग त्याने सांगितलं. भाषा एक, देव एक, डोंगर एक. नावं दोन, ती राजाच्या वेळेपासूनची, आणि दरबारात कोणाचं वजन जास्त हेही सगळ्यांना ठाऊक. पण गाई वाढल्या की माणूस या नावातून त्या नावात जायचा, गाई गेल्या की परत यायचा. मग जर्मन आले, त्यांच्यामागून बेल्जियन. त्यांना हे जाणं-येणं काही झेपेना. त्यांनी मोजपट्ट्या काढल्या, नाकं मोजली, उंची मोजली. उंच आणि लांब नाकाचे ते तुत्सी, राज्य करायला जन्मलेले. बाकीचे हुतू, राबायला. ज्याच्या त्याच्या हातात कार्ड, कार्डावर शब्द.

"आणि नाकावरून ठरेना की गाई मोजायचे, असं आमच्याकडे सांगतात," तो म्हणाला. "दहा असल्या तर तुत्सी. नऊ असल्या तर हुतू."

"आणि नऊवाल्याची गाय दुसऱ्या दिवशी व्यायली तर?" मी विचारलं.

"कार्ड झालेलं असायचं."

शाळा, हुद्दे सगळे एकांना दिले. निघायची वेळ आली तशी साहेबांची मर्जी दुसऱ्यांवर बसली. साहेब गेले, कार्डं राहिली. चौऱ्याण्णवमध्ये रस्त्यारस्त्यावर आडवी लाकडं टाकून तीच कार्डं मागितली गेली. त्याच्या घरातलं कोणी उरलं नाही. हे त्याने एका वाक्यात सांगितलं, आणि ते एक वाक्य मी मोठं करून सांगणार नाही.

काकूंनी त्याच्या पोळीवर आणखी तूप घातलं. मला शांतता सोसत नाही, तो माझा जुना आजार आहे. मी म्हणालो, "नाकं आमच्याकडेही मोजली होती. इंग्रज साहेबाने माझ्या पणजोबांचं नाक सकाळी मोजलं, तेव्हा त्यांना मधमाशी चावलेली नव्हती. दुपारी खात्री करायला परत मोजलं, तेव्हा चावलेली होती. साहेबाने दोन वेगळी माणसं लिहून घेतली. पणजोबांनी जन्मभर दोघांचा शेतसारा भरला. साहेबाच्या कागदावर एक मेला, तेव्हा दुसऱ्याने सुतक पाळलं."

तो माझ्याकडे बघत राहिला आणि मग असा हसला की पुरण नाकात गेलं. त्याला हसताना आम्ही तेव्हा पहिल्यांदा बघितलं.

त्या हसण्याचं बिल मला दोन हजार सहाच्या उन्हाळ्यात आलं. तो एका नर्सिंग शिकणाऱ्या मुलीच्या प्रेमात पडला, ती त्याच्याच देशातली. तिला मामाने वाढवलं होतं. पोरीला हाताला धरून हा मामा किती देश तुडवून अमेरिकेत आला आणि इथे मोटारींच्या सुट्या भागांच्या दुकानात नोकरी करत त्याने तिला शिकवलं. तिच्याशिवाय त्याला कोणी नव्हतं, त्याच्याशिवाय तिला नव्हतं.

त्यांच्याकडे मागणी घालायची एक रीत आहे. सगळं आधीच ठरलेलं असतं, तरी दोन्हीकडचे वक्ते भर सभेत भांडतात. मुलीकडचा म्हणतो, तुम्ही कोण, आमच्याकडे मुलगीच नाही. मुलाकडच्याने नम्रपणे, न चिडता, जमेल तितक्या थापा मारून मुलगी मिळवायची. आणि गाय द्यायची. गाय म्हणजे सगळ्यात मोठं देणं. अमेरिकेत बहुतेक जण गाईऐवजी पैशांच्या पाकिटावर भागवतात.

"माझ्याकडून तू बोल," तो मला म्हणाला.

"तुझा कोणी माणूस बघ ना यार. मला तुमची भाषा येत नाही."

"इंग्लिशमध्ये बोल, मुलं सांगतील वडीलधाऱ्यांना. तू एकदा सुरू झालास की समोरच्याला प्रश्न विचारायला जागा राहत नाही. मला तेच हवंय." मग त्याने आवाज खाली केला. "मामा कधीतरी विचारेल, माझ्या बापाच्या कार्डावर काय होतं. सभेत विचारलं तर मी उठून जाईन. उत्तर कुठलंही असो, दिलं की ते कार्ड मी पुन्हा खिशात घातलं. तिला सांगितलंय मी. ती म्हणाली, तू उठलास तर मीही उठेन."

आणि मामा त्या खुर्चीत एकटा उरला असता. म्हणजे लग्न मोडायचं नसेल आणि म्हातारा निराधार करायचा नसेल, तर त्याला तो एक प्रश्न विचारू न देणं हे माझं काम. मी होय म्हणालो. शाळेत असताना गणिताच्या सरांना अख्खा तास बोलण्यात गुंतवून त्यांना वही मागू न देणारा मी, मला कसली भीती.

सुरुवात झोकात झाली. मी "अमाश्यो" म्हणालो. तुमचे कळप वाढोत, असा त्यांचा नमस्कार असतो. मामा म्हणाला, "वाट चुकलात. इंडियन ग्रोसरी पलीकडच्या गल्लीत आहे."

"तिथूनच आलो, मामा. ते म्हणाले, आमच्याकडे सगळं आहे, फक्त फूल नाही. फूल तुमच्या घरी आहे."

"फूल काल कॅनडात दिलं."

"कॅनडावरूनच आलो. ते म्हणाले, बर्फात टिकलं नाही, परत पाठवलं."

हॉलने टाळ्या दिल्या. मी मोकाट सुटलो. आमचा मुलगा इतका हुशार की त्याला शिकवून दोन प्रोफेसर स्वतः पास झाले. इतका प्रामाणिक की रात्री रिकाम्या रस्त्यावर लाल दिव्याला थांबतो आणि दिव्याला सॉरी म्हणतो. आणि गाई? आमच्याकडच्या गाई पाण्यावर उतरल्या की पंचगंगेला ओहोटी लागते. सवयीने चार म्हशीही घातल्या.

"किती गाई?" मामाने विचारलं.

मागे बसलेल्या विद्यार्थ्यांपैकी एकाने श्वास घेतला, तो मला ऐकू आला. गाई किती, हा त्या लोकांत नुसता हिशेब नव्हता. दहा म्हणू की नऊ, आकडा कुठलाही घेतला तरी त्याच्या मागून कार्ड यायचं. मी वळून बघितलं. माझा रूममेट, म्हणजे नवरा मुलगा, खुर्चीच्या कडेवर आला होता, पाय जमिनीवर रोवून, उठायच्या बेतात.

"आमच्याकडे मोजत नाहीत, मामा," मी म्हणालो. "मोजल्या की दृष्ट लागते. माझ्या आजोबांनी एकदा मोजल्या, तर दूध आटलं, आणि ते गाईंचं नाही, अख्ख्या तालुक्याचं. चहा काळा प्यायले लोक पाऊस पडेपर्यंत."

मामा डोळे बारीक करून माझ्याकडे बघत होता. "मोजू नका," तो म्हणाला. "एक दाखवा."

आणि तिथून तो ओरडायला लागला, ते वर सांगितलंच.

गाय खरोखरच वाटेत होती. त्या भूमिकेची मला अशी काही झिंग चढली होती की मी पाकिटाला नाही म्हणालो. ऑफिसातल्या एका टेक्ससच्या माणसाच्या मेहुण्याचं फोर्ट वर्थच्या पुढे रँच होतं, लाँगहॉर्न गाईंचं. रूममेटने त्यांच्याकडच्या राजांच्या गाईंचे फोटो दाखवले होते. शिंगं अशी की दोन शिंगांमध्ये माणसाने दोरी बांधून धोतर वाळत घालावं. लाँगहॉर्न थेट तशीच. ठरलं, दिवसभरापुरती. मेहुण्याने कॉम्प्युटरवरून रस्ता छापून घेतला आणि त्या कागदाने त्याला बरोबर विमानतळावर नेलं. त्याचा मला फोन आला होता, "सर, इथे ट्रेलर पार्क करू देत नाहीयेत."

मामा तिसऱ्यांदा गाईचं विचारणार, तेवढ्यात पार्किंगमधून जो हंबर आला, त्याने माझा जीव भांड्यात पडला. काचा हलल्या. सगळा हॉल बाहेर पळाला, बूट घालायचंही कोणाला सुचलं नाही.

ट्रेलरचं दार उघडलं आणि ती उतरली. तांबडी, पांढऱ्या ठिपक्यांची. शिंगं तर, एक टोक डॅलसमध्ये आणि दुसरं फोर्ट वर्थमध्ये. मामा पुढे आला आणि थांबला. मग त्याने माझ्या हातातली काठी घेतली, आडवी धरली आणि गायला लागला. त्यांच्याकडे गाईची स्तुती करायची कवनं असतात, तिच्या आईची, आजीची, शिंगांची. तो आवाज मघाशी ओरडणाऱ्या माणसाचा नव्हताच. म्हाताऱ्या बायकांनी हात शिंगांसारखे वर केले आणि डांबरावर नाचायला लागल्या. गाय शेपटी हलवत होती, तिलाही हे कौतुक नवीन असावं. काकूंनी पर्समधून कुंकवाची डबी काढली, सरळ पुढे जाऊन गाईच्या कपाळाला बोट लावलं आणि नमस्कार केला. रँचवाल्याने मला हळूच विचारलं, "धुतलं की जाईल ना?"

"ही बाई आमच्यातली आहे," मामा म्हणाला. काकू अशा लाजल्या की जणू त्यांनाच मागणी आली होती.

मग मामा गाणं थांबवून माझ्या रूममेटसमोर उभा राहिला. "तुला एकच विचारायचंय."

मुलगी दारात आली होती, तिने शालीचं टोक मुठीत धरलं. माझ्याकडे बोलायला काही उरलं नव्हतं, मी आयुष्यात पहिल्यांदा कोरडा पडलो होतो. रूममेटने पाठ ताठ केली आणि एक पाऊल मागे घेतलं.

"हिची धार काढता येईल तुला?"

"नाही," रूममेट म्हणाला. "मला गाईची भीती वाटते."

मामाने त्याच्याकडे बघितलं, शिंगांकडे बघितलं. "या गाईची मलाही वाटते," तो म्हणाला. "धार माझी भाची काढेल. तिलाच मागतोयस ना, घे." आणि काठी परत माझ्या हातात ठेवून म्हणाला, "याला काहीतरी प्यायला द्या. मोजायला न शिकलेला माणूस आहे."

मग जे जेवण झालं, ते मी सांगत बसलो तर तुम्हाला भूक लागेल. काकूंनी मुलीला शालू नेसवायचा हट्ट धरला, आणि माझ्या दोन्ही मराठी रूममेटनी तिथल्या मुलांना लेझीम शिकवली, लेझीम नसताना. गाय संध्याकाळपर्यंत पार्किंगमधल्या हिरवळीवर चरत होती. हॉलच्या मॅनेजरने पुढे त्या हिरवळीचं काही म्हटलं असेल तर मला आठवत नाही.

एका मडक्यात ज्वारीची बिअर होती. ज्वारीची. मला गहिवरून आलं. त्यात लांब नळ्या घालून दोघा-तिघांनी एकदम ओढायची. एका नळीवर मी, दुसरीवर मामा. माझं काम झालं होतं, मुलगी मिळाली होती, प्रश्न विचारला गेला नव्हता. पण समोरून काकू मला खुणा करत होत्या, भुवया वर, हनुवटी मामाकडे, म्हणजे विचार ना आता. आणि खरं सांगायचं तर काकूंच्या खुणांची मला गरजच नव्हती. तीन वर्षं मी तो कार्डाचा प्रश्न पोटात घेऊन हिंडत होतो.

"मामा," मी नळी बाजूला करून म्हणालो, "रागावू नका. तुमच्या स्वतःच्या कार्डावर काय लिहिलं होतं?"

मामाने शांतपणे एक घोट ओढला, तोंड पुसलं.

"जन्मतारीख," तो म्हणाला. "तीही चुकीची."