दोन्ही पाय सारखेच होते

त्या पँटचे दोन्ही पाय सारखेच होते. टीव्हीवर मी खोटं बोललो.

सिल्वासाला नोकरीसाठी निघालो, तेव्हा शिरपूरच्या स्टँडवर तीच पँट माझ्या अंगावर होती. अप्पांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, स्वतःच्या दुकानात शिवलेली. सुरतच्या गाडीच्या खिडकीशी येऊन ते एवढंच म्हणाले, "साहेबासमोर ताठ उभा राहजो. कापड चांगलं आहे."

सिल्वासाजवळ गलोंड्याला धाग्याच्या कारखान्यात लागलो, टोकरखाड्यात घर केलं. जेवणाच्या सुट्टीत मी स्वतःवरच विनोद करायचो. माझं टक्कल, माझी गुजराती, बायकोसमोर उडणारी माझी भंबेरी. त्या जोरावर विनोदाच्या एका रिअ‍ॅलिटी शोमध्ये पोहोचलो. तिथे एकदा काहीच सुचेना. मग अंगावरच्या त्याच पँटचा एक पाय हळूच आत दुमडला आणि म्हणालो, "वडील शिंपी आहेत माझे. एक पाय लांब शिवला, तेव्हापासून मी तिरकाच चालतोय."

लोक पोट धरून हसले. तेव्हापासून सुटका नाही. शोवाल्यांना दर वेळी तीच पँट हवी असते. कारखान्याच्या गेटवर वॉचमन ओरडतो, "आवो, लांबा पगवाळा!" म्हणजे, या, लांब पायवाले! एकदा कामगाराचा हात मशीनमध्ये जाता जाता वाचला. मी त्याच्यावर जीव तोडून रागावलो, तर सगळे माझ्या पायांकडे बघून हसले.

गावी लोक दुकानात येऊन म्हणायचे, "अप्पा, दोन्ही पाय एकाच माणसाचे शिवजा बरं!"

अप्पांनी शिवणकाम बंद केल्याचं आईने फोनवर सांगितलं. "म्हणतात, पोरगं खोटं कशाला बोलेल? माझीच नजर गेली असेल."

मी लगेच अप्पांना फोनवर बोलावून माफी मागितली. अप्पा हसले. "हे पण टीव्हीवर दाखवणार का रे?"

माझं खरं बोलणंही आता घरच्यांना विनोदच वाटतं, हे त्या दिवशी कळलं.

गेल्या महिन्यात ती पँट घेऊन शिरपूरला गेलो. दुकानात गप्पा मारत बसलेली मंडळी मला बघताच हसू लागली. मी मशीनवरचं फडकं काढलं, पँट पसरली आणि अप्पांच्या हातात टेप दिला. त्यांनी मापलं. चष्मा पुसून पुन्हा मापलं.

"सारखे आहेत," ते पुटपुटले.

मी ताठ उभा राहिलो. "पहिल्यापासून सारखेच होते, अप्पा. लोकांनी हसावं म्हणून एक मी दुमडला. तुमचा हात चुकला नाही, मी चुकलो. मला माफ करा."