रिवान नावाचा अर्थ

पालीत कुणाकडे पोर जन्मलं की नावाचा अर्थ विचारायला लोक काशीरामकडे यायचे. मुंबईत छापखान्यातल्या चुका काढण्यात त्याचा जन्म गेला. गावी आला तरी खोड गेली नाही. मोबाइलवर कुणीतरी ठोकून दिलेले अर्थ तो जाडजूड शब्दकोशात पडताळायचा आणि निम्मे खोटे ठरवायचा. मी शेजारी, मला त्याची मजाच वाटायची.

मग त्याच्या सुजयला मुलगा झाला. सून रुचिरा खाडीकाठच्या भाट्ये गावची, होडीवाल्याच्या घरातली. बाळंतपण माहेरी, म्हणून बारसंही तिकडेच. तिचे वडील मोरू दोन महिन्यांपूर्वी वारले होते. त्यांच्या फोटोला हार होता. सुजयने फोनवर नाव आधीच कळवलं होतं: रिवान, म्हणजे दर्याचा राखणदार. झालं! काशीरामने घरातले सगळे कोश उपसले.

बारशाला आत्या दर्शना बाळाच्या कानाशी वाकली, तोच हा म्हणाला, “अगो थांब! हा शब्द एकाही कोशात नाय. खोटा अर्थ पोराच्या कानात घालू नको.”

मी त्याचा सदरा ओढला, पण ऐकतो कोण!

रुचिरा भरल्या डोळ्यांनी सासऱ्याला म्हणाली, “मामा, माझ्या आबांनी शोधलानी होतं हे नाव. दवाखान्यात पडल्या पडल्या. म्हणाले, मी काय आता राहत नाय, माझ्या माघारी दर्याकडे बघायला कोणतरी हवा.”

काशीराम पाळण्यापासून मागे सरला. अर्थाची एवढी शहानिशा केली शहाण्याने, पण नाव सुचवलं कुणी, हे विचारायचं सुचलं नाही. विचारलं असतं तर सुजयनेच सांगितलं असतं.

नाव रिवानच ठेवलं. पण नातवाला मांडीवर घ्यायचं त्या दिवशी राहिलं, ते राहिलंच. पुढे काशीरामने फोनवर माफी मागितली. “असू दे मामा,” एवढंच रुचिरा म्हणाली. गणपतीला सुजय एकटाच आला. पोर आता चालायला लागलंय म्हणे. मला काशीरामचा राग येतो आणि त्याहून जास्त वाईट वाटतं.

परवा आमच्या वाडीतल्या लवूची सून तान्ह्या मुलीला घेऊन त्याच्याकडे आली. मोबाइल पुढे करून म्हणाली, “काका, ह्या नावाचा अर्थ बरोबर हाय ना?”

त्याने मोबाइलकडे पाहिलंही नाही. “नाव कुणी सुचवलान?”

“माझ्या आयेने.”

“मग बरोबर हाय.”

ती निघाली, तशी त्याने हात पुढे केले. “जरा माझ्याकडे दे गो तिला,” म्हणाला.